शून्याखालचे बावीस किलोमीटर

कंपनीच्या गाड्या तीनच. जाहिरातीत त्यांची नावं मोठी ऐटबाज होती, पण कारखान्यात कुणी ती नावं घेत नसे. सात माणसांची, दोन मोटर बसवलेली, वजनाला हत्ती आणि तरी पाच सेकंदांत शंभराचा वेग पकडणारी ती थोरली. सिग्नलवर चुणचुणीत, पण शहराबाहेर काढली की जेमतेम तीनशे किलोमीटरवर मान टाकणारी ती धाकटी. आणि जिच्या खपावर सगळ्यांचे पगार निघत ती मधली. घरात मधल्या मुलीला कुणी विचारत नाही म्हणतात. इथे उलटा प्रकार, उठता-बसता मधलीचंच कौतुक.

या तिघी एका चार्जिंगवर किती लांब जातात ते मोजायचं काम तिच्याकडे. ते रस्त्यावर होत नाही, बंद खोलीत होतं. गाडी रोलरवर चढवायची, खोली तेवीस अंशांवर ठेवायची आणि चाकं फिरवत राहायची. गाडी जागची हलत नाही आणि पडद्यावर चारशे-साडेचारशे किलोमीटर चालून जाते. काचेच्या अलीकडे ती बसलेली, आठ-आठ तास, गेली अकरा वर्षं. तोंडावर सगळे तिला मॅडम म्हणत आणि पाठीमागे आकडेबाई. तिला दोन्ही ठाऊक होतं, आणि खरं सांगायचं तर दुसरंच जास्त आवडायचं.

आता या गाड्यांच्या पोटात एक गोष्ट दडवलेली होती. पडद्यावर ‘शून्य किलोमीटर उरले’ असं आलं तरी गाडी थांबत नसे. मधली त्यानंतरही बावीस किलोमीटर जायची. माणूस चुकतो, रस्ता चुकतो, चार्जिंगचं यंत्र नेमकं बंद असतं, म्हणून पहिल्यापासून तेवढी पुंजी खाली ठेवलेली. गिऱ्हाइकाला हे सांगायचं नाही असा नियम होता. झाकली मूठ सव्वा लाखाची. आणि नियम होता म्हणूनच कारखान्यातल्या प्रत्येकानं तो आपापल्या घरी जाऊन मोडला होता. तिनं तिच्या बाबांना सांगितलं होतं. ‘बाबा, शून्य दिसलं तरी घाबरायचं नाही. वीस किलोमीटर बिनधास्त जाते.’ वरचे दोन तिनं सवयीनं हातचे ठेवले.

बाबा म्हणजे बत्तीस वर्षं बस चालवलेला माणूस. बस चालवताना डिझेलचा काटा अर्ध्याखाली गेला की ज्यांना चैन पडत नसे, ते निवृत्तीनंतर शून्यावर घरी पोचायला लागले. त्यात त्यांना भारी मजा वाटायची. शेजाऱ्यांना दाराशी बोलावून पडदा दाखवायचे आणि म्हणायचे, बघा, शून्य आहे, आणि अजून वीस आहेत, माझ्या मुलीनं ठेवलेत.

मग समोरच्या कंपनीची नवी गाडी आली, पाचशे किलोमीटर जाणारी, आणि साहेबांची झोप उडाली. साहेब म्हणजे तिच्या विभागाचे प्रमुख, तसा माणूस वाईट नाही, पण वरच्यांपुढे नुसता थरथरणारा. मधलीचा आकडा होता चारशे एकोणऐंशी. बॅटरी बदलायला वेळ नाही, मोटर बदलायला वेळ नाही. बैठकीत सगळे खाली माना घालून बसलेले, आणि हिनं उचलली जीभ आणि लावली टाळ्याला. म्हणाली, “खालचे बावीस वर घेतले तर पाचशे एक होतात.”

झालं. साहेबांचा चेहरा असा फुलला की तिला स्वतःचाच अभिमान वाटला. पंधरा दिवसांत सॉफ्टवेअर बदललं. आता शून्य म्हणजे शून्य, खाली काही नाही. यात खोटं काही नव्हतं, गाडी खरोखरच तेवढी जात होती. आकड्याखाली सही तिची हवी होती. सही करताना हात थांबला का? थांबला. पण कागदावर सही दिसते, थांबणं दिसत नाही. बाबांना सांगायला हवं, हे तिच्या मनात त्याच क्षणी आलं होतं. पण समारंभापर्यंत कुणाला ब्र काढायचा नाही अशी सक्त ताकीद होती. समारंभ शुक्रवारी दुपारी चारला, आणि त्याच वेळी रस्त्यावरच्या चाळीस हजार मधल्यांना नवं सॉफ्टवेअर जायचं होतं. शुक्रवारी संध्याकाळी बाबांना फोन करू, असं तिनं ठरवलं आणि विषय डोक्यातून काढून टाकला.

शुक्रवारी सकाळी पावणेबाराला तिचा फोन वाजला. पलीकडे चिमी. चिमी म्हणजे तिची मुलगी, सहा वर्षांची, नुकतीच बेरीज शिकलेली, त्यामुळे दिसेल त्याची बेरीज करणारी. दोन दिवस मावशीकडे राहून ती आजोबांबरोबर गाडीनं परत येत होती.

“आई, गाडीवर अकरा लिहिलंय. आजोबांनी विचारलं, अकरा आणि वीस किती? मी म्हटलं एकतीस. बरोबर ना?”

“बरोबर,” ती म्हणाली. हसलीसुद्धा. “पण चार्जिंग नाही केलं का गं तुम्ही?”

मागून बाबांचा आवाज आला, गाडीच्या स्पीकरवर दुरून आल्यासारखा. “नऊ गाड्यांची रांग होती, कोण थांबतंय. बोगदा चौदा, पुढे घर सहा, झाले वीस. वर अकरा शिल्लक. आणि तुमच्या गाडीनं सकाळी निरोप दिलाय, आता मी आणखी लांब जाते म्हणून. म्हटलं, शहाणी आहे.”

“कसला निरोप, बाबा?”

“आई, बोगदा आला,” चिमी म्हणाली, आणि फोन तुटला.

तिच्या मनात अजून भीती नव्हती, नुसतं काहीतरी टोचत होतं. निरोप आज दुपारी चारला जायचा होता. सकाळी कसा आला? ती उठली आणि दोन टेबलांपलीकडे गेली. तिथे सॉफ्टवेअरवाला बसला होता, कानात बोळे घालून, चहात बिस्किट बुडवत.

“मधलीचं नवं सॉफ्टवेअर चारला जाणार आहे ना?”

“बाहेरच्यांना चारला,” तो म्हणाला. “आपल्या माणसांच्या गाड्यांना सकाळी सातलाच पाठवलं. नेहमीचंच आहे की.”

नेहमीचंच होतं. कंपनीची ही जुनीच रीत. काहीही नवं आधी कर्मचाऱ्यांच्या गाड्यांत घालायचं आणि काही तास वाट बघायची. बिघडलं तर घरातल्या घरात बिघडेल, चारचौघांत शोभा व्हायला नको. या रीतीच्या यादीवर दर वेळी तिची नजर फिरायची. स्वतःची गाडी तिला त्या यादीत कधी दिसली नव्हती, कारण ती धाकटी चालवायची आणि या वेळी धाकटीला काही पाठवायचं नव्हतं. बाबांची मधली मात्र कर्मचारी सवलतीत घेतलेली, कागदोपत्री तिच्याच नावावर. ती अकरा वर्षं आकडे मोजत होती, पण ही एक गाडी मोजायला विसरली. तिच्या लेखी ती बाबांची गाडी होती. कंपनीच्या लेखी ती तिची होती.

आता पडद्यावरचे अकरा म्हणजे अकराच. बाबांच्या डोक्यात एकतीस, आणि बॅटरीत अकरा.

दुसरं कुणी असतं तर नुसतं घाबरलं असतं. हिचं दुखणं असं की हिला हिशेब येत होता. बाहेर चार अंश थंडी. चिमी गाडीत, म्हणजे हीटर चालू. बोगद्याचा पहिला निम्मा भाग चढाचा. अकरांतले दोन तिथेच गेले. गाडी नवव्या किलोमीटरवर थांबणार, ताशी सत्तरनं गेले तर आठ मिनिटांत. भिंतीवरच्या घड्याळात अकरा सत्तेचाळीस झाले होते. एक मिनिट बिस्किटाच्या गप्पांत गेलेलं.

तो बोगदा तिला तळहातासारखा माहीत होता. जाणारी एक रांग, येणारी एक रांग, मध्ये पिवळा पट्टा. बाजूला गाडी घ्यायला जागा नाही, फक्त भिंतीलगत हातभर रुंदीचा कट्टा. दिवसभर खाणीचे ट्रक, चाळीस-चाळीस टनांचे, एकामागे एक. आत फोन लागत नाही. सॉफ्टवेअरवाल्याच्या पडद्यावर कर्मचाऱ्यांच्या गाड्यांचे ठिपके दिसत होते. बाबांचा ठिपका बोगद्याच्या तोंडाशी येऊन राखाडी झाला होता.

“फोन लावत राहा,” ती सॉफ्टवेअरवाल्याला म्हणाली आणि नंबर त्याच्यापुढे टाकला. त्याच्या हातातलं बिस्किट चहात पडलं. बोगद्याच्या कार्यालयाचा नंबर शोधताना तिची स्वतःची बोटं तिसऱ्याच अक्षरांवर पडत होती.

तेवढ्यात साहेब आले. नवा कोट, कॉलरला छोटा माईक अडकवलेला, समारंभाची तालीम अर्धी टाकून आलेले. कुणीतरी त्यांना सांगितलं असावं की आकडेबाई पांढरीफटक पडलीय.

तिनं दोन वाक्यांत सांगितलं. साहेबांनी कॉलरचा माईक काढला, बंद आहे का ते पाहिलं, आणि मग बोलले.

“आधी खात्री करून घेऊ.”

“खात्री करायचं कामच माझं आहे, सर. अकरा वर्षं तेच करतेय. नवव्या किलोमीटरला थांबणार.”

“बोगदा बंद करायला लावला तर ते कारण विचारतील. चारला दीडशे पत्रकार येतायत. तुमचे वडील जुने ड्रायव्हर आहेत, पडदा लाल झाला की समजेल त्यांना, वेळेवर काहीतरी…”

“काय करतील? मीच त्यांना सांगितलंय, लाल झाला तरी घाबरू नका.”

साहेब तिच्या आणि दाराच्या मध्ये उभे राहिले. ती कशाला दाराकडे जाते, तिला फोन पाहिजे होता. नंबर सापडला होता. तिनं लावला. पलीकडून एक गोड आवाज म्हणाला, वाहतुकीच्या माहितीसाठी एक दाबा, तक्रारीसाठी दोन दाबा, उंच वाहनांच्या परवान्यासाठी तीन दाबा. जीव टांगणीला लागलेल्या बाईला हे सगळं ऐकावं लागलं, शेवटपर्यंत, कारण माणसाशी बोलायचा आकडा सगळ्यांत शेवटी होता. नऊ.

अकरा एकावन्न.

“नियंत्रण कक्ष,” एक पुरुषी, कंटाळलेला आवाज आला.

“तुमच्या बोगद्यात पूर्वेकडून एक पांढरी इलेक्ट्रिक गाडी शिरलीय, ती तीन मिनिटांत बंद पडणार आहे, नवव्या किलोमीटरच्या आसपास. आत माझे वडील आहेत आणि सहा वर्षांची मुलगी. दोन्ही तोंडं बंद करा.”

“तुम्हाला कसं माहीत बंद पडणार?”

“चार्जिंग संपतंय. पडद्यावर आता शून्य येईल.”

“शून्य झालं तरी चालतात ना त्या गाड्या,” तो म्हणाला. “माझ्या मेव्हण्याकडे आहे. वीस-बावीस जाते म्हणतो आरामात.”

साऱ्या जगाला माहीत होतं. झाकलेली मूठ कुणीच झाकली नव्हती.

“आजपासून नाही जात,” ती म्हणाली. “आज सकाळी कंपनीनं बदललंय. मी कंपनीतूनच बोलतेय. मीच मोजते ते. खाली काही शिल्लक नाही, दादा, अजिबात काही नाही.”

साहेबांनी डोळे मिटले. पलीकडे एक खुर्ची सरकल्याचा आवाज झाला, मग दुसऱ्या कुणाला तरी तो म्हणाला, दोन्ही बाजू लाल कर, कर म्हणतो ना. आणि मग पुन्हा तिला, आता कंटाळा अजिबात नसलेल्या आवाजात, “बंद केलंय. पण आत शिरलेले शिरले, त्यांना मी थांबवू शकत नाही. कॅमेरा बघतो. धरा फोन.”

तिनं धरला. काय करणार दुसरं. सॉफ्टवेअरवाला समोर पुन्हा पुन्हा बाबांचा नंबर लावत होता आणि पुन्हा पुन्हा तीच बाई सांगत होती की आपण संपर्क करू इच्छिता ती व्यक्ती.

“दिसली,” नियंत्रक म्हणाला. “आठवा किलोमीटर. चालतेय.”

“मागे कोण आहे?”

“मागे…” तो थांबला. “मागे ट्रक आहे. अंतर आहे पण. बरंच आहे.”

बरंच म्हणजे किती, असं तिच्या ओठांवर आलं आणि तिनं विचारलं नाही. आयुष्यात पहिल्यांदा तिला आकडा नको होता.

“हळू झाली. फार हळू झाली. ताई, थांबली.”

मग तिला त्याचा आवाज दुहेरी ऐकू यायला लागला, एकदा फोनवर आणि एकदा बोगद्याच्या भोंग्यातून घुमून. गाडी सोडा. पांढरी गाडी, गाडी सोडा, डावीकडच्या कट्ट्यावर चढा. मागच्या ट्रकनं थांबावं. ट्रक, थांबा. भोंग्यातले शब्द एकमेकांवर आपटून त्यांचा नुसता गोंगाट होत होता. तिलाच समजत नव्हतं, तर आत काय समजत असेल.

“उतरलेत ते,” नियंत्रक म्हणाला. “मागचं दार उघडलंय. मुलीला काढतायत. निघत नाहीये वाटतं.”

चिमीच्या आसनाचा पट्टा. त्याचं लाल बटण इतकं घट्ट होतं की तिला स्वतःला दोन्ही अंगठे लावावे लागत. बदलून घेऊ, बदलून घेऊ असं ती सहा महिने म्हणत होती. आणि बाबांचे अंगठे थंडीत वळत नसत, सकाळी शर्टाची बटणंसुद्धा ते कुरकुरत लावायचे. ती फोनमध्ये पुटपुटू लागली, “बटण खालून दाबा, बाबा, खालून,” जणू तो फोन त्यांच्या कानाला लागला होता. साहेब तिच्याकडे बघत होते आणि त्यांच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा समारंभाव्यतिरिक्त काहीतरी दिसलं.

“ट्रक ब्रेक मारतोय,” नियंत्रक म्हणाला. आणि मग अगदी हळू, “अरे देवा.”

फोनमधून आवाज आला. मोठा नव्हता. कुणीतरी दुसऱ्या खोलीत कपाट पाडावं तेवढाच.

“काय झालं?”

“धूळ आहे. काही दिसत नाही.”

“काय झालं, सांगा ना.”

“ताई, खरंच काही दिसत नाही. आमची गाडी निघालीय आत. धरा.”

त्यानंतरची सहा मिनिटं तिनं कशी काढली ते तिलाही नंतर सांगता आलं नाही. इतकं आठवत होतं की ती जमिनीवर बसली होती, पाठ रोलरच्या खोलीच्या काचेला टेकलेली, आणि काचेपलीकडे एक मधली इमानेइतबारे चालत होती. तिची चाकं गरगर फिरत होती, पडदा तीनशे बारा दाखवत होता. तिनं मनात नाही नाही ते कबूल केलं. नोकरी सोडीन. पुन्हा कधी फुशारकी मारणार नाही. चिमीचे हात-पाय, बाबांचे हात-पाय, सगळं जागेवर असू दे, मग माझं काय व्हायचं ते होवो. चिमीचं काही झालं तर परगावी गेलेल्या नवऱ्याला कुठल्या शब्दांत सांगायचं, इथपर्यंत मन जाऊन आलं आणि तिथून ते मागे फिरेना. सॉफ्टवेअरवाला तिच्याजवळ पाण्याचा पेला घेऊन उभा होता, आणि पाणी त्याच्याच हातावर सांडत होतं.

“ताई,” फोनमधून आवाज आला. “आहात ना? दोघं आहेत. दोघं नीट आहेत. ट्रकनं गाडी घेतली, मागची बाजू पार आत गेलीय, पण हे कट्ट्यावर होते. मुलीला थोडं खरचटलंय. आमच्या गाडीचा वायरलेस जोडून देतो, बोला.”

“आई,” चिमी म्हणाली. रडत नव्हती, फक्त आवाज बारीक झाला होता. “आजोबांनी मला पट्ट्याखालून, बुटांतून ओढून काढलं. माझे बूट गाडीत राहिले. ते चपटे झाले.”

तोंडावर हात दाबून ती रडली, मोठ्यानं, भर कचेरीत. चिमी पलीकडून विचारत राहिली, आई, तू आहेस ना, आणि ती नुसतं हूं हूं करत राहिली.

अर्ध्या तासानं साहेबांनी तिला खुर्चीत बसवलं, चहा मागवला, स्वतः साखर घातली. माणूस खरोखर हादरला होता, नाही असं नाही. पण चहाबरोबर एक कागदही आला. गाडी रस्त्यात बंद पडली की एक अहवाल भरावा लागे, त्यात शेवटचा रकाना ‘कारण’. साहेबांनी तो आधीच भरून आणला होता. ‘चालकाने पडद्यावरील सूचनेकडे दुर्लक्ष केले.’

“खोटं नाहीये यात,” साहेब हळूच म्हणाले. “पडदा लाल झाला होता. चार्जिंग करा म्हणून सांगत होता. आणि बघा, सगळे सुखरूप आहेत. समारंभ होऊन जाऊ दे. बाकीचं आपण सोमवारी निवांत बघू.”

“आणि चारला?”

“चारला काय?”

“चारला ते चाळीस हजार गाड्यांत जाणार आहे.”

तेवढ्यात फोन वाजला. तोच नियंत्रक. तिनं फोन टेबलावर ठेवून स्पीकर लावला.

“ताई, मुलीला घेऊन आमची गाडी निघालीय, पाऊण तासात तुमच्याकडे येईल. वडिलांना जरा वेळ लागेल. पोलीस इथेच आमच्या दारात जबाब घेतायत.”

“कसला जबाब?”

“साधाच. म्हातारबाबांनी सगळं कबूल केलंय. म्हणाले, मुलीनं मला आठवड्यापूर्वीच बजावून सांगितलं होतं की आता शून्याखाली काही उरत नाही. मीच विसरलो, वय झालं. मुलीचा आणि तिच्या कंपनीचा काही दोष नाही, असं दोन-दोनदा लिहून घ्या म्हणाले.” तो जरा घुटमळला. “लायसन्स जमा करावं लागेल त्यांचं. ट्रकवाल्याच्या छातीला मार लागलाय, त्यामुळे गुन्हाही नोंदवतील बहुतेक. स्वतःच कबूल केल्यावर आमचाही इलाज नाही.”

साहेबांनी इतका मोठा श्वास सोडला की टेबलावरचा कागद हलला. मग ते वाकून तिच्या कानाशी म्हणाले, “बघा, त्यांनाही कळतंय. त्यांनी तुमच्यासाठी केलंय हे. वाया घालवू नका.”

त्यांनी तिच्यासाठीच केलं होतं, हे काही साहेबांनी सांगायला नको होतं. बत्तीस वर्षांत ज्या माणसानं बसला एक ओरखडा येऊ दिला नाही, ज्याला पंचवीस वर्षांपूर्वीच्या मार्गावरचे थांबे अजून ओळीनं तोंडपाठ होते, तो माणूस पोलिसांपुढे उभा राहून म्हणत होता की मी विसरलो. धुळीनं माखलेला, थंडीत कुडकुडत. कट्ट्यावर उभं असतानाच त्यांना समजलं असणार की वीस किलोमीटर गेले कुठे आणि ते कुणी काढून घेतले. सहा मिनिटांत माणूस तेवढं जुळवतो. एका शब्दानं तिला जाब विचारला नाही. सगळं स्वतःच्या अंगावर ओढून घेतलं, आणि तेही खोटं बोलून, जे त्यांना आयुष्यात कधी धड जमलं नव्हतं.

तिला पुन्हा भीती वाटली. मघाची वेगळी होती, पण हीही काही कमी नव्हती. नोकरी जाईल, कदाचित गुन्हा तिच्यावरच येईल, वर्तमानपत्रात येईल. साहेब हात हवेत धरून उभे होते, तळवा खाली, जणू एखाद्या लहान मुलाला बस म्हणत होते. खाली सभागृहात कुणीतरी माईकवर एक-दोन-तीन म्हणून आवाज तपासत होतं.

“ताई, ठेवू का मग?” नियंत्रक म्हणाला.

“ठेवू नका,” ती म्हणाली. “पोलिसांना फोन द्या. माझे वडील काही विसरले नाहीत. मी त्यांना सांगितलंच नव्हतं.”

“काय सांगितलं नव्हतं?” पलीकडून नवा, जाड आवाज आला.

“लिहून घ्या, सांगते,” ती म्हणाली, आणि स्वतःचं नाव, हुद्दा आणि कंपनीचा पत्ता एकेक शब्द सुटा करून सांगू लागली. साहेब खुर्चीत बसले. दुपारचा पाऊण वाजला होता.